शुद्ध हिंदीतला अवमान

हिंदी ही शिकण्याची गोष्टच नाही, असं मुरलीधर घारपुरेचं ठाम मत होतं. मराठी बोलायची, शेवटी 'है' लावायचा, आणि शब्द जरा भारदस्त असला की तो दोन्हीकडे चालतो! पुण्याहून बदली होऊन गुरुग्रामला आल्यापासून त्याने एवढ्याच शिदोरीवर दूधवाला, गाडी धुणारा आणि कंपनीतले साहेब सांभाळले होते. इतकंच काय, सोसायटीची निवडणूकसुद्धा जिंकली होती!

"इकडची माणसं भेसळ बोलतात गं," तो बायकोला सांगायचा. "मज़ाक काय, कोशिश काय, इजाज़त काय! शुद्ध हिंदी फक्त आपल्याला येते. शाळेत शंभर मार्कांचं संस्कृत होतं माझं."

"हो का," विनया म्हणायची. तिची हिंदी भेसळीचीच होती, पण तिला भाजी मात्र नेहमी ताजी मिळायची.

सोसायटीचं नाव शांतिव्हॅली हाइट्स. त्यात शांती नव्हती, व्हॅली तर दहा कोसांत नव्हती, हाइट मात्र भरपूर होती. अध्यक्ष झाल्या झाल्या मुरलीधरने पहिलं लोकोपयोगी काम केलं ते हे, की आपल्या टॉवरच्या दाराशी, पायऱ्यांना अगदी लागून, एक पाटी रोवली: 'अध्यक्षांसाठी राखीव'. तिच्यामागे त्याची पांढरी गाडी उभी राहू लागली. सकाळी ऑफिसला जाताना ती पाटी पाहिली की त्याला उगाचच दोन इंच उंच झाल्यासारखं वाटायचं.

त्याच टॉवरमध्ये दुसऱ्या मजल्यावर भानुमतीकाकू चौबळ राहायच्या. नवरा केंद्र सरकारच्या नोकरीत होता, त्यामुळे उभा जन्म दिल्लीत गेलेला. आता नवरा नव्हता, मुलगा गौरव बंगळुरात, आणि खुब्याचं ऑपरेशन बिघडल्यापासून काकू चाकाच्या खुर्चीत. लिफ्टने त्या खाली यायच्या आणि दाराशी अडायच्या, कारण दारापुढे तीन पायऱ्या होत्या. मग दोन गार्ड येऊन खुर्चीसकट त्यांना उचलायचे.

"मुरली, हे लोक मला रोज विसर्जनाला नेतात रे!" काकू म्हणाल्या. "फक्त बुडवत नाहीत, एवढंच. शेवटी परत आणतात आणि पुन्हा स्थापना! यार, एक रॅम्प बसव ना तिथे. मला एकटीला खाली जायचंय. कुणाला हाक न मारता."

"काकू, झालाच समजा!" मुरलीधर म्हणाला.

आणि हे तो अगदी मनापासून म्हणाला होता. अडचण एवढीच, की मुरलीधर आयटीत प्रोजेक्ट मॅनेजर होता. घरी दिवा गेला तरी तो आधी मीटिंग लावायचा. त्याने रॅम्प कमिटी नेमली. कमिटीने व्हॉट्सॲपवर मतदान घेतलं: रॅम्पला फरशी हवी की दगड? दगडाला मतं जास्त पडली, तेव्हा फरशीवाल्यांनी फेरमतदान मागितलं. तिसऱ्या टॉवरमधले एक गृहस्थ म्हणाले, उतार पूर्वेला आहे, लक्ष्मी घरंगळून जाईल! त्यावर एक उपसमिती नेमण्यात आली.

"अरे, लोखंडी तयार रॅम्प मिळतो," काकूंनी सुचवलं. "टेम्पोतून आणतात, बोल्ट पिळतात, निघून जातात. आमच्या भिशीतल्या कुमुदच्या घरी एका दुपारीत बसवला."

"उत्तम सूचना! विचारार्थ घेतो," मुरलीधर म्हणाला. त्याने ती घेतली आणि विचारार्थच ठेवली.

या सगळ्या मतदानांत एक प्रश्न मात्र कधीच विचारला गेला नाही. रॅम्प बसण्यासारखी जागा एकच होती. तिथे 'अध्यक्षांसाठी राखीव' अशी पाटी होती आणि पाटीमागे पांढरी गाडी होती. मुरलीधर हे स्वतःशीसुद्धा बोलत नसे.

शेवटी काकूंनी कोर्टात अर्ज ठोकला. वकीलबिकील काही नाही, स्वतःच! कोर्टानेही आदेश दिला: महिन्याभरात रॅम्प बसवा. मुरलीधरने आदेश वाचला, कमिटीला फॉरवर्ड केला, त्यावर हात जोडल्याचं चित्र टाकलं आणि निवांत झाला. ऑफिसात एवढ्यावर काम संपायचं.

मग गणपती आले. मग नवरात्र, मग दिवाळी. दिवाळी सरते न सरते तोच दिल्लीची हवा बिघडली आणि ग्रॅप नावाचे प्रदूषणाचे सरकारी निर्बंध लागू झाले. म्हणजे सगळी बांधकामं बंद! एनसीआरमध्ये लाखो माणसं खोकत होती, आणि एकटा मुरलीधर रोज सकाळी मोबाइलवर हवेचा आकडा पाहून खूश होत होता.

"चारशेच्या वर! अरे वा! विनया, आजही रॅम्प शक्य नाही!"

"लोखंडी रॅम्पने कसली धूळ उडते?" विनयाने नाकावरचा मास्क सरळ करत विचारलं.

"नियम म्हणजे नियम!" मुरलीधर म्हणाला आणि गाडी पुसायला खाली गेला.

थंडी सरली, धुकं सरलं, ग्रॅप उठलं. आणि एका रविवारी दारात गार्ड उभा राहिला. त्याच्या एका हातात कोर्टाची नोटीस आणि दुसऱ्या हातात झाकलेला डबा. नोटीस अवमानाची होती. आदेश न पाळल्याबद्दल आपल्याला तुरुंगात का पाठवू नये, हे अध्यक्षांनी स्वतः हजर राहून सांगावं! डब्यात अळूवड्या होत्या.

मुरलीधरने काकूंना फोन लावला. त्याचा आवाज चिरकत होता. "काकू! तुम्ही मला तुरुंगात घालणार? आणि वर वड्या पाठवता?"

"केस वेगळी, वड्या वेगळ्या," काकू म्हणाल्या. "अळू फार दिवसांनी मिळालं. आणि हे बघा अध्यक्षसाहेब, तारखेच्या दिवशी तुम्ही गाडीने जाणारच ना? मलाही घेऊन चला. टॅक्सीच्या डिकीत सीएनजीची टाकी असते, माझी खुर्ची मावत नाही."

केस घातल्यापासून त्या त्याला 'अहो अध्यक्षसाहेब' म्हणायच्या. 'अरे मुरली' बंद झालं होतं, आणि ते मुरलीधरला नोटिशीपेक्षा जास्त लागलं होतं.

पण 'अवमान' हा शब्दही त्याला झोंबला. न्यायालयाचा अवमान? त्याने? लहानपणी शाळेच्या शिपायालासुद्धा जो नमस्कार करायचा, त्याने? राहून गेलं असेल, उशीर झाला असेल, पण अपमान करायचा हेतू? छे! हे जजसाहेबांना समजावून सांगायलाच हवं. आणि तेही असल्या भेसळ हिंदीत नाही, शुद्ध हिंदीत!

त्याच्या वकिलाने, जयदीप दहियाने, फोनवर बजावलं होतं, "सर जी, आप बस चुप रहना. बोलना मेरा काम है."

"बिल्कुल, बिल्कुल," मुरलीधर म्हणाला आणि भाषण पाठ करायला बसला.

तारखेच्या दिवशी दोन गार्डांनी काकूंना तीन पायऱ्यांवरून उचलून थेट मुरलीधरच्या गाडीत बसवलं. खुर्ची डिकीत गेली. फिर्यादी आणि आरोपी असे एकाच गाडीतून, एकाच एसीत, गुरुग्रामच्या ट्रॅफिकमध्ये कोर्टाकडे निघाले!

"काकू, तुमची हरकत नसेल तर थोडी तालीम करतो," मुरलीधर सिग्नलला थांबून म्हणाला.

"करा की. मला वेळच वेळ आहे."

मुरलीधरने घसा साफ केला. "महोदया! आपके आदेश के विषय में हमने कदापि, कोई भी, चेष्टा नहीं की!"

काकूंनी खिडकीतून तोंड आत वळवलं. "काय म्हणालात?"

"चेष्टा. म्हणजे आम्ही तुमच्या आदेशाची थट्टा केली नाही, असं. 'मज़ाक' म्हणणार होतो, पण तो शब्द कोर्टात हलका वाटतो. चेष्टा कसा भारदस्त आहे!"

काकूंनी त्याच्याकडे नीट पाहिलं. त्यांच्या ओठांचे कोपरे जरा हलल्यासारखे वाटले.

"नक्की हाच शब्द वापरणार?"

"का? चुकलाय?"

"छे छे! अगदी खरा शब्द आहे," काकू म्हणाल्या. "तोच ठेवा. जोरात म्हणा."

प्रतिपक्षाने इतक्या मोठ्या मनाने पाठ थोपटल्यावर मुरलीधरला भरून आलं. त्याने एसी काकूंच्या बाजूला वळवला.

कोर्टात मात्र दहियाचा पत्ता नव्हता. तो वरच्या मजल्यावर दुसऱ्या केसमध्ये अडकला होता. पुकारा झाला. मुरलीधर उभा राहिला. शेजारी काकूंची खुर्ची. समोर जजबाई, चष्म्यावरून बघणाऱ्या, आणि सकाळपासून लोकांच्या सबबी ऐकून कंटाळलेल्या.

"वकील कहाँ हैं आपके?"

"आ रहे हैं महोदया. परंतु मैं स्वयं निवेदन करना चाहता हूँ."

"कीजिए. आदेश का क्या हुआ?"

मुरलीधरने छाती भरून श्वास घेतला. "महोदया! मैं प्रतिज्ञापूर्वक कहता हूँ, आपके आदेश के विषय में हमने कदापि, कोई भी, चेष्टा नहीं की!"

आता इथे एक खुलासा करायलाच हवा, कारण मुरलीधरला तो कुणी केला नव्हता. मराठीत चेष्टा म्हणजे थट्टा. हिंदीत चेष्टा म्हणजे प्रयत्न! तेव्हा त्या गच्च भरलेल्या कोर्टाने ऐकलं ते असं, की आदेश पाळण्यासाठी आम्ही कधीही, कसलाही प्रयत्न केलेला नाही. आणि हे तो शपथेवर, छाती पुढे काढून सांगत होता.

जजबाईंनी चष्मा काढला. "कोई चेष्टा नहीं की?"

"लेशमात्र नहीं!"

"और ये आप गर्व से बता रहे हैं?"

"गर्व की ही बात है, महोदया!"

मागच्या बाकांवर कुजबुज झाली. एका म्हाताऱ्या वकिलाने कानाचं यंत्र नीट बसवलं.

"करनी नहीं चाहिए थी?" जजबाईंनी विचारलं.

मुरलीधर चपापला. न्यायाधीश स्वतःच विचारतायत की थट्टा करायला नको होती का? मग त्याच्या डोक्यात प्रकाश पडला. परीक्षा घेतायत! पण असल्या सापळ्यात सापडणारा तो नव्हता.

"महोदया, आप मेरी परीक्षा ले रही हैं," तो मंद हसून म्हणाला. "चेष्टा? और मैं? मेरे ऐसे संस्कार नहीं हैं!"

"संस्कार?"

"हमारे पूरे घराने में किसी ने नहीं की. मेरे पिताजी सरकारी नौकरी में थे. पूरी नौकरी में एक दिन चेष्टा नहीं की!"

"ये तो हम मान लेते हैं जी," म्हातारा वकील मागून म्हणाला. सगळं कोर्ट हसलं. स्टेनोग्राफरने तोंडावर रुमाल धरला. आपल्या वडिलांचा असा गौरव झालेला पाहून मुरलीधरने मागे वळून त्या वकिलाला नमस्कार केला.

"और आपकी कमेटी?" जजबाईंचा आवाज आता धारदार झाला होता.

"कमेटी को तो मैंने कड़ी चेतावनी दी है! जो चेष्टा करते दिखेगा, उसे तत्काल निकाल दूँगा!"

"बस!" जजबाईंनी हात वर केला आणि स्टेनोग्राफरला इंग्रजीतून मजकूर सांगायला सुरुवात केली. त्यातला एकेक शब्द मुरलीधरला स्पष्ट ऐकू येत होता. रिस्पॉन्डंट अभिमानाने सांगतो की त्याने 'नो एफर्ट व्हॉटसोएव्हर'...

एफर्ट? मुरलीधर मनात अडखळला. एफर्ट कुठून आला मध्येच? मी तर चेष्टा म्हणालो. मी तर... चेष्टा...

पुढचा शब्द 'सिव्हिल प्रिझन' होता.

"मॅडम! नो, नो! आय नेव्हर सेड एफर्ट!" शुद्ध हिंदी क्षणात पळून गेली होती. "एफर्ट किया! मतलब नहीं किया... मतलब मज़ाक नहीं किया! कोशिश किया! पोल किया मॅडम, तीन बार पोल किया!"

नेमका याच वेळी दहिया काळा कोट सावरत आत धावत आला. टाइप होत असलेल्या मजकुरावर त्याने नजर टाकली आणि कपाळावर हात मारला. "सर जी! मैंने क्या बोला था? बस चुप रहना! इतना भी नहीं हुआ आपसे?"

सगळे एकदम बोलू लागले. जजबाई टेबलावर पेन आपटू लागल्या. तुरुंगात चादर देतात की घरून न्यावी लागते, ऑफिसात रजा कुठल्या नावाखाली टाकायची, असले विचार मुरलीधरच्या डोक्यात गरगरू लागले.

तेवढ्यात भानुमतीकाकूंनी हात वर केला.

"मैडम, मैं कुछ बोलूँ? ये मराठी में बोल रहे थे. मराठी में चेष्टा मतलब मज़ाक उड़ाना. इनका कहना था कि इन्होंने आपके आदेश का मज़ाक नहीं उड़ाया."

जजबाईंच्या चेहऱ्यावर पहिल्यांदाच काहीतरी हसण्यासारखं दिसलं. "अच्छा! तो ये बात थी?"

"हो हो! यही बात थी!" मुरलीधरने काकूंकडे असं पाहिलं, की तिथल्या तिथे त्यांच्या पाया पडला असता. काय ही माऊली! केस घालूनसुद्धा वाचवलं!

"तो आप क्या कहती हैं?" जजबाईंनी काकूंना विचारलं. "इनकी बात सच मानी जाए?"

काकूंनी थोडा विचार केला.

"मैडम, हिंदी में इन्होंने जो कहा, वो एकदम सच है," त्या शांतपणे म्हणाल्या. "मराठी में जो कहा, वो झूठ."

जजबाईंनी हातातलं पेन खाली ठेवलं.

"जहाँ रैम्प लगना है, वहाँ इनकी गाड़ी खड़ी रहती है," काकू पुढे म्हणाल्या. "बस इतनी सी बात है. आज मैं उसी गाड़ी में आई हूँ. गाड़ी अच्छी है."

मुरलीधरचे कान तापले. इतके महिने त्याने तीन मतदानं, दोन समित्या आणि अख्ख्या एनसीआरची हवा यांच्याखाली जे पुरून ठेवलं होतं, ते काकूंनी चार वाक्यांत टेबलावर आणून ठेवलं होतं. त्याला खरंच लाज वाटली.

जजबाईंनी पुढची तारीख दिली. "तब तक रैम्प लग जाना चाहिए. ये उस पर से अकेली उतरें, उसकी फोटो लेकर आइए. नहीं तो बिस्तर लेकर आइए." चष्मा चढवता चढवता त्या थांबल्या. "और घारपुरे जी, इस बार चेष्टा कीजिए. हिंदी वाली!"

परतीच्या वाटेवर मुरलीधरने एसी पुन्हा काकूंच्या बाजूला वळवला.

"काकू," शेवटी मुरलीधर कळवळून म्हणाला, "जाताना तुम्ही म्हणालात, अगदी खरा शब्द आहे!"

"मग? खराच होता," काकू म्हणाल्या आणि पर्समधून आवळासुपारी काढून त्याच्या पुढे धरली.

त्यानंतर मुरलीधरने जो धडाका लावला, त्याला तोड नव्हती! मीटिंग नाही, मतदान नाही. लोखंडी रॅम्पचा टेम्पो आला, दोन माणसं उतरली, त्यांनी बोल्ट पिळले, ती चहा प्यायली आणि गेली. काम दुपारच्या जेवणानंतर सुरू झालं आणि संध्याकाळच्या चहाला संपलं. कुमुदच्या घरी लागला होता तेवढाच वेळ. तेवढ्यासाठी गणपती, नवरात्र, दिवाळी आणि ग्रॅप गेलं होतं!

पाटी काढायची वेळ आली तेव्हा मात्र मुरलीधरचा जीव खालीवर झाला. रॅम्पने जुनी जागा खाल्ली होती, ठीक आहे. पण पाटी टाकून कशाला द्यायची? त्याने ती फक्त थोडी पुढे सरकवली.

तारखेच्या आदल्या संध्याकाळी उद्घाटन ठेवलं. विनयाने रॅम्पच्या वरच्या टोकाला फीत बांधली. समिती, उपसमिती, फरशीवाले, दगडवाले, सगळे मोबाइल उंचावून उभे राहिले. काकू नारायणपेठी नेसून आल्या. गार्ड सवयीने पुढे सरसावले, तसं त्यांनी हातानेच त्यांना मागे सारलं.

फीत कापून काकूंनी दोन्ही हात चाकांवर ठेवले आणि खुर्ची एकट्यांनी सोडली. ती हळूहळू उतरू लागली. इतकी वर्षं दिल्लीत काढलेल्या त्या म्हातारीच्या चेहऱ्यावर घसरगुंडीवर बसलेल्या पोरीसारखं हसू पसरलं. मुरलीधरला गलबलून आलं. एवढंच होतं तर! एवढ्याचसाठी आपण त्यांना अडवून ठेवलं!

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. खुर्ची रॅम्पच्या खालच्या टोकाला पोचली आणि 'ठक्' असा आवाज झाला.

टाळ्या थांबल्या. काकूंचे गुडघे पांढऱ्या गाडीच्या बंपरला टेकले होते. पुढे सरकवलेल्या पाटीमागे, मघाशी ऑफिसातून येऊन सवयीने लावलेली, अध्यक्षांची राखीव गाडी! डावीकडे जायला वाट नव्हती, उजवीकडे कुंडी होती.

काकूंनी बंपरकडे पाहिलं. मग पाटीकडे पाहिलं. मग मान वळवून मुरलीधरकडे पाहिलं.

"मुरली," त्या म्हणाल्या. कितीतरी महिन्यांनी मुरली! "छान चेष्टा केलीस हो."

फोटो दहा-बारा मोबाइलांत निघाले होते आणि सगळ्यांत बंपर स्पष्ट आला होता. मुरलीधर किल्ली आणायला तसाच पळत सुटला. काकू हे मराठीत म्हणाल्या की हिंदीत, हे विचारायचं धाडस त्याला अजून झालेलं नाही.